चित्र न काढणारा दिग्दर्शक

इसाओ ताकाहाता ॲनिमेटर नव्हते. जपानच्या सर्वांत मोठ्या ॲनिमेशन दिग्दर्शकांत त्यांचं नाव घेतलं जातं, पण पडद्यावर हलणारी चित्रं त्यांच्या हातची नव्हेत. टोकियो विद्यापीठात ते फ्रेंच साहित्य शिकले. त्या काळात पॉल ग्रिमो या फ्रेंच दिग्दर्शकाचा ॲनिमेशनपट त्यांच्या पाहण्यात आला आणि त्यांची वाट ठरली. 1959 मध्ये पदवी घेऊन ते तोएईच्या ॲनिमेशन स्टुडिओत दिग्दर्शनाच्या उमेदवारीला लागले. आजूबाजूला सगळे रेषेवर हुकमत असलेले लोक, आणि त्यांच्यात हे एकटे पुस्तकांतून आलेले.

मग चित्र न काढणारा माणूस ॲनिमेशनमध्ये करतो तरी काय? हा प्रश्न मला बरीच वर्षं पडत आला आहे, आणि त्याचं उत्तर मला त्यांच्या चित्रपटांपेक्षा टीव्हीवरच्या मालिकांमध्ये सापडलं. आपल्याकडे ताकाहाता ओळखीचे आहेत ते 1988 च्या 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज'मुळे, युद्धात होरपळलेल्या त्या बहीणभावामुळे. ज्यांनी तो पाहिलाय त्यांना तो पुन्हा पाहवत नाही. पण त्याच्या आधी, 1974 ते 1979 या सहा वर्षांत, त्यांनी दूरचित्रवाणीसाठी तीन मालिका केल्या: 'हायडी', मार्कोची गोष्ट आणि 'ॲन'. पहिल्या दोन्ही 52 भागांच्या, तिसरी 50 भागांची. एकूण 154 भाग. दर रविवारी संध्याकाळी साडेसात वाजता, फुजी टीव्हीवर. माझ्या मते त्यांचं आयुष्यभराचं काम या 154 भागांत घडलं, पुढचं सगळं त्यातूनच उगवलं.

त्या काळचं टीव्हीचं गणित समजल्याशिवाय यातलं मोठेपण कळत नाही. 1 जानेवारी 1963 ला ओसामू तेझुकांच्या 'ॲस्ट्रो बॉय'ने जपानमध्ये दर आठवड्याच्या अर्ध्या तासाच्या ॲनिमेशन मालिकेचा पायंडा पाडला. पैसा कमी, वेळ त्याहून कमी. सिनेमाच्या फितीवर सेकंदाला 24 चौकटी धावतात. पण प्रत्येक चित्र तीन चौकटी तसंच ठेवलं तर सेकंदाला आठच चित्रं काढावी लागतात. पात्राचं शरीर स्थिर ठेवायचं, ओठ तेवढे हलवायचे. एकदा काढलेली धाव, एकदा काढलेलं उड्डाण जपून ठेवायचं आणि पुढच्या भागात पुन्हा वापरायचं. या पद्धतीला यंत्रमानव आणि लढाया फार सोयीच्या, कारण स्फोट आणि आरोळ्यांमध्ये चित्रांची काटकसर झाकली जाते.

या पद्धतीला सगळ्यांत गैरसोयीचं काय, तर साधं जगणं. पायात जोडे घालणं, बादली उचलणं, भाकरीचा तुकडा मोडणं. उडणारा यंत्रमानव कसा दिसतो हे कुणी पाहिलेलं नसतं, त्यामुळे तो कसाही उडाला तरी चालतो. भरलेली बादली उचलताना खांदा कसा कलतो हे मात्र पाच वर्षांच्या पोरालाही ठाऊक असतं. तिथे रेष चुकली की लगेच कळतं. ताकाहातांनी दर आठवड्याच्या घाईत नेमकं हेच दाखवायचं ठरवलं.

हे धाडस करणारा माणूस वेळ पाळण्याबद्दल प्रसिद्ध नव्हता. तोएईत त्यांनी टीव्हीसाठी 'वुल्फ बॉय केन' या मालिकेचे काही भाग केले होते. पुढे यासुओ ओत्सुका या ज्येष्ठ ॲनिमेटरने आग्रह धरल्यामुळे त्यांना पहिला चित्रपट मिळाला, 'होरुस'. काही महिन्यांत संपायचं ते काम 1965 ला सुरू होऊन 1968 च्या जुलैत पडद्यावर आलं. स्टुडिओतल्या कामगार संघटनेत ताकाहाता पुढे होते. तरुण ॲनिमेटर हायाओ मियाझाकीही त्यांच्यासोबत होते. ही सगळी मंडळी सामुदायिकपणे, प्रत्येकाचं मत घेत, हा चित्रपट घडवत होती. एकजुटीने संकटाला तोंड देणाऱ्या गावाची ती गोष्ट होती आणि स्टुडिओतही तसंच काहीसं चाललं होतं. चित्रपटगृहांतून मात्र तो थोड्याच दिवसांत उतरला, आणि उशिराचं खापर दिग्दर्शकावर फुटलं. तोएईत त्यांना पुन्हा चित्रपट मिळाला नाही.

1971 मध्ये ताकाहाता, मियाझाकी आणि ॲनिमेटर योइची कोताबे तिघेही तोएई सोडून बाहेर पडले. कारण होतं पिप्पी. स्वीडिश लेखिका ॲस्ट्रिड लिंडग्रेनच्या त्या दांडगट, एकटी राहणाऱ्या मुलीवर टीव्ही मालिका करायची म्हणून त्यांनी टिपणं केली, चित्रं काढली, मियाझाकी स्वीडनला जाऊन आले. लिंडग्रेनने परवानगी दिली नाही. मालिका झाली नाही, पण तयारी फुकट गेली नाही. मुलांना थक्क करायचं असेल तर त्यांना राक्षस दाखवायची गरज नाही, घरात एकट्याने केलेला नाश्ताही त्यांना तितकाच खिळवून ठेवतो, हा विचार त्या टिपणांत पिकला. मधल्या काळात टीव्हीवर 'ल्युपिन' नावाची मालिका प्रेक्षकांअभावी अडचणीत आली, तेव्हा आधीच्या दिग्दर्शकाला बाजूला करून ती ताकाहाता आणि मियाझाकींकडे सोपवली गेली. तिथेही त्यांनी नाव पुढे केलं नाही. चालू गाडीत चढून ती पुढे नेली, इतकंच.

आणि मग 'हायडी'.

1973 च्या उन्हाळ्यात ही मंडळी गोष्ट जिथे घडते त्या स्वित्झर्लंडला गेली, मायेनफेल्ड गावात आणि वरच्या कुरणांवर. आज जपानमध्ये ॲनिमेशनसाठी स्थळपाहणी करणं सर्रास झालं आहे. तेव्हा टीव्हीच्या मालिकेसाठी चित्रकारांना परदेशी नेणं ही चैन होती. त्या दौऱ्यातली एक हकीकत मला फार आवडते. कोताबेंनी हायडीला वेण्या काढल्या होत्या. तिथल्या एका जाणकाराने विचारलं, पाच वर्षांची मुलगी डोंगरावर एकट्या आजोबांबरोबर राहते, तिच्या वेण्या घालणार कोण? कोताबेंनी केस आखूड केले. गोल गालांची, आखूड केसांची ती हायडी पुढे युरोपभर ओळखली गेली. तिच्या त्या चेहऱ्यामागे असा एक घरगुती प्रश्न आहे, आणि ताकाहातांच्या सगळ्या कामात असेच प्रश्न भरलेले आहेत. पाणी कुठून येतं? शेळ्यांचं दूध कोण काढतं? पोर झोपते कशावर?

दुसऱ्या भागात हायडी माळ्यावर गवताचं अंथरूण करते. आजोबा वर येतात, तिचं काम पाहतात, गवत आणखी घालतात, त्यावर चादर पसरतात. गोल झरोक्यातून दरी दिसते. खाली आल्यावर ते चीजचा गोळा विस्तवावर धरतात, तो हळूहळू मऊ पडतो, चकाकतो, पावावर उतरतो. या भागात दुसरं फारसं काही घडत नाही. एक म्हातारा आणि एक पोर एका घरात राहायला लागतात.

हा भाग मी आईबरोबर पाहिला. तिला जपानी येत नाही, इंग्रजी उपशीर्षकं ती वाचत नाही, आणि कार्टून म्हणजे नातवंडांचं काहीतरी असं तिचं मत. सुरुवातीला ती हातात निवडायची मेथी घेऊनच बसली होती. गवत आलं तेव्हा म्हणाली, "अगं बाई, टोचेल की पोरीला." मग आजोबांनी चादर टाकली. आईचा हात थांबला. "घालणार. मला वाटलंच, हा घालणार. तोंडानं बोलत नाही तो, पण पोर आवडलीय त्याला." त्या भागात आजोबा प्रेमाचा एक शब्द बोलत नाहीत. ताकाहातांनी ते सगळं एका चादरीच्या घडीत ठेवलं होतं, आणि मराठीखेरीज कुठलीच भाषा न येणाऱ्या माझ्या आईला ते अचूक पोचलं. दिग्दर्शक काय करतो, या माझ्या प्रश्नाचं उत्तर मला त्या दिवशी मिळालं. चादर टाकायची हे मूळ पुस्तकातही असेल, पण ती किती वेळ दाखवायची, म्हाताऱ्याच्या हाताकडे कधी पाहायचं आणि पोरीच्या चेहऱ्याकडे कधी, हे कुणीतरी ठरवावं लागतं.

हे ठरवणं प्रत्यक्षात कसं चालायचं तेही पाहण्यासारखं आहे. वेगवेगळ्या भागांचे स्टोरीबोर्ड, म्हणजे चित्रांतले आराखडे, वेगवेगळे लोक करत, ताकाहाता ते तपासत, बदलत. मग मियाझाकी प्रत्येक दृश्याचा लेआउट काढत: कॅमेरा कुठे, पात्र कुठे, मागे डोंगर किती दिसायचा. सगळ्या 52 भागांचे लेआउट मियाझाकींचे. पात्रांची रचना आणि ॲनिमेशनवरची देखरेख सगळ्या 52 भागांत कोताबेंची. तोवर टीव्हीवर असं कुणी करत नसे. कामं वाटून दिली जात आणि दर आठवड्याला हायडीचं नाक थोडं वेगळं दिसलं तरी चालवून घेतलं जाई. इथे तीन माणसांनी वर्षभराचा डोंगर स्वतःच्या खांद्यावर घेतला होता. झोप, घर, सुट्टी यांचं काय झालं असेल याची कल्पना करता येते. मियाझाकींनी पुढे त्या वर्षाबद्दल लिहिताना आणीबाणीची भाषा वापरली, आणि टीव्हीत ही आणीबाणीच रोजची होऊन बसते हा धोका दाखवला. मला ताकाहातांबद्दल निस्सीम आदर आहे, आणि तरीही हे मनातून जात नाही. आजोबांच्या घरातली ती निवांत सकाळ काही माणसांच्या न झोपलेल्या रात्रींतून आलेली आहे. त्यांच्या कामाबद्दल बोलताना ही किंमत वगळून बोलणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं.

मूळ पुस्तकात त्यांनी केलेले बदल मोजकेच आहेत, पण त्यांतून माणूस कळतो. योहाना स्पिरींच्या कादंबरीत देवावरची श्रद्धा मध्यवर्ती आहे. ताकाहातांनी ती मंद केली आणि तिची जागा डोंगराला, घरामागच्या फर वृक्षांच्या आवाजाला दिली. योसेफ नावाचा मोठा आळशी कुत्रा नव्याने आणला. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, हायडीच्या चालता न येणाऱ्या मैत्रिणीच्या, क्लाराच्या, चाकांच्या खुर्चीचं. कादंबरीत शेळ्या राखणारा पीटर मत्सराने पेटून ती खुर्ची दरीत ढकलून देतो. मालिकेत पीटर असं काही करत नाही. चालण्याचा सराव नकोसा झालेली क्लारा पुन्हा खुर्चीचा आधार घ्यायला जाते, आणि तिच्याच हातून खुर्ची उतारावरून घरंगळून मोडते. ज्या मुलाला आपण वर्षभर शेळ्या राखताना पाहिलं, त्याच्या माथी शेवटच्या भागांत दुष्टपणा मारायचा नाही, असा हा निर्णय आहे. शिवाय क्लाराला आता स्वतःच्या भीतीशीच झगडायचं आहे. नाट्य त्यामुळे कमी होत नाही, उलट आत शिरतं.

'हायडी' पुढे स्पेन, जर्मनी, इटलीत गेली आणि तिथल्या मुलांच्या एका पिढीला ती आपलीच वाटली. ती जपानमध्ये तयार झाली आहे हे त्यांतल्या अनेकांना मोठं झाल्यावर कळलं.

1976 ची मार्कोची मालिका मला जास्त जवळची आहे, आणि ती फारशी कुणी पाहत नाही याचं वाईट वाटतं. एदमोंदो दे अमिचिस या इटालियन लेखकाच्या पुस्तकात ही एक छोटी कथा आहे. जेनोवाचा एक मुलगा अर्जेंटिनात मोलकरीण म्हणून गेलेल्या आईला शोधायला निघतो. काही पानांच्या त्या कथेचे 52 भाग झाले. लिहिणारे काझुओ फुकाझावा, ज्यांच्या बाहुली-नाटकावरून पूर्वी 'होरुस' उभा राहिला होता. एखादा दिग्दर्शक मार्कोला दुसऱ्या-तिसऱ्या भागातच जहाजावर चढवता. ताकाहाता त्याला आठवडेच्या आठवडे जेनोवातच ठेवतात. तो बाटल्या धुतो, पैसे जमवतो, आईच्या पत्राची वाट पाहतो. गरिबांचा दवाखाना चालवणारे वडील मुलाला पटत नाहीत, कारण त्यांच्या तत्त्वांपायी आई परदेशी गेली असं त्याला वाटतं. मुलांच्या मालिकेत बाप-लेकातला हा ताण इतक्या गांभीर्याने घेतलेला मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

कोकणातल्या घरांना हे कळायला वेळ लागणार नाही. घरातलं माणूस कमवायला मुंबईला गेलंय आणि मागच्यांचं सगळं जगणं मनिऑर्डर आणि पत्राभोवती फिरतंय, हे आपल्याकडे पिढ्यानपिढ्या चाललं. मार्कोला आई भेटते ती 51 व्या भागात. म्हणजे तेव्हाच्या जपानी मुलाने जानेवारीत निघून गेलेल्या त्या आईची डिसेंबरपर्यंत वाट पाहिली. दोन तासांचा चित्रपट विरह दाखवू शकतो, पण वर्षभर वाट पाहायला लावणं हे फक्त मालिकेलाच जमतं. ताकाहातांनी टीव्हीची लांबी ही अडचण मानली नाही, तिचाच उपयोग केला.

'ॲन'मध्ये हे सगळ्यांत उंचीवर गेलं. 1979. कॅनडातल्या प्रिन्स एडवर्ड बेटावरची ती बडबडी अनाथ मुलगी. तिचं मन आपल्याला नीट उमगत नाही असं ताकाहातांना वाटत होतं, म्हणून त्यांनी पुस्तकाला घट्ट धरून राहायचं ठरवलं. सुरुवातीच्या भागांची नावंही पुस्तकातल्या प्रकरणांवरूनच ठेवली. या वेळी पात्रं काढली योशिफुमी कोन्दो यांनी. त्यांच्यापुढची अट अवघड होती: आज काटकुळी, मोठ्या कपाळाची, चारचौघींत उठून न दिसणारी मुलगी, जिचा चेहरा चार-पाच वर्षांनी सुंदर होईल आणि तरी तोच चेहरा वाटेल. कोन्दोंनी तो बदल इतका हळूहळू केला की पाहणाऱ्याला तो कधी झाला ते सांगता येत नाही.

मग एके दिवशी ॲनला वाढवणाऱ्या मरिलाच्या लक्षात येतं की ॲन आपल्यापेक्षा उंच झाली आहे. ती पोर गेली कुठे म्हणून मरिला एकटीच रडते. पुस्तकात हा परिच्छेदभर मजकूर आहे. मालिकेत तिथे पोचेपर्यंत आपणही त्या घरात महिनोन्महिने राहिलेलो असतो. आपल्यालाही ती लहान ॲन आठवते, आणि तीही आपल्या नकळत निघून गेलेली असते. आईबापांना मुलांबद्दल जे वाटतं ते इथे प्रेक्षकाला वाटायला लागतं. मला मूल नाही. हे दुःख काय असतं ते मला या मालिकेने शिकवलं, आणि मी ते कुणाकडून उसनं घेतलंय असं मला वाटत नाही.

'ॲन'च्या सुरुवातीच्या भागांनंतर मियाझाकी बाहेर पडले, त्यांना स्वतःचा चित्रपट करायचा होता. दोघांच्या वाटा तिथे वेगळ्या झाल्या. मियाझाकींना उडायचं होतं, ताकाहातांना चालत राहायचं होतं. कुणाचं बरोबर, हा वाद मला निरर्थक वाटतो.

आपल्या पिढीपर्यंत या पद्धतीचा एक धागा वेगळ्याच वाटेने आला. मार्को आणि ॲन जिथे घडले त्या निप्पॉन ॲनिमेशन कंपनीनेच 1989 मध्ये 'जंगल बुक'ची मालिका केली. दिग्दर्शक फुमिओ कुरोकावा. दूरदर्शनवर ती हिंदीत आली, गुलजारांचं शीर्षकगीत आणि नाना पाटेकरांच्या आवाजातला शेरखान घेऊन. नव्वदच्या दशकातल्या त्या रविवारी सकाळी आपण जे जंगल पाहत होतो ते आपल्याच नागपूरशेजारचं, शिवनी-पेंचच्या बाजूचं. लांडग्यांच्या कळपातले रुसवेफुगवे, पिल्लांचं खाणं-झोपणं, अकेलाचं म्हातारपण या सगळ्यासाठी तिथे सवड होती. मोगली आठवतो म्हणणाऱ्या माझ्या वयाच्या कुणालाही विचारा, लढाईपेक्षा त्याचा कळप आधी आठवतो. ही सवड कुणीतरी टीव्हीच्या वेळापत्रकाशी भांडून मिळवलेली होती, आणि त्या भांडणाची सुरुवात 'हायडी'च्या टेबलावर झाली असं मी मानतो. श्रेयनामावली तेव्हा आपण कुणीच वाचली नाही.

1981 ते 1983 मध्ये ताकाहातांनी ओसाकातल्या एका खानावळ चालवणाऱ्या चुणचुणीत मुलीची मालिका केली, 'चिए'. मग ते चित्रपटांकडे वळले आणि उशीर करण्याची जुनी सवय परतली. 'फायरफ्लाइज' प्रदर्शित झाला तेव्हा त्यातली काही दृश्यं रंगवून झालेली नव्हती. 2013 च्या 'कागुया'ला आठ वर्षं लागली. अशा माणसाने सहा वर्षांत 154 रविवार पाळले होते याचं मला अजून नवल वाटतं.

त्यांच्या 1991 च्या 'ओन्ली येस्टरडे'त एक कुटुंब पहिल्यांदाच ताजं अननस घरी आणतं. कापायचं कसं कुणालाच माहीत नसतं. सगळे गोल बसून पाहतात, कापतात, पहिला घास घेतात, आणि ते अपेक्षेइतकं गोड निघत नाही. थोरले एकेक करून आपली फोड बाजूला सारतात, आणि धाकटी मात्र हट्टाने खात राहते. चित्रपटात हे दृश्य मिनिटांवर मिनिटं चालतं, आणि त्यातला एक सेकंदही कमी करावासा वाटत नाही. विस्तवावर चीज धरणारे आजोबा ज्याने चितारून घेतले, त्याच माणसाला हे सुचू शकतं.

5 एप्रिल 2018 ला, वयाच्या 82 व्या वर्षी ताकाहाता गेले. जगभरच्या मृत्युलेखांत चित्रपटांची नावं आधी होती, मालिका खाली कुठेतरी एखाद्या वाक्यात. 'ॲन'चे पहिले सहा भाग एकत्र करून 2010 मध्ये जपानच्या चित्रपटगृहांत दाखवले गेले होते. ज्यांना 50 भाग पाहायला सवड नाही त्यांनी तेवढे तरी पाहावेत. पहिल्याच भागात मरिलाचा भाऊ मॅथ्यू घोडागाडी घेऊन स्टेशनवर जातो, मुलगा येणार म्हणून, आणि तिथे फलाटावर एक मुलगी बसलेली असते.